छाती भरलीय, मग औषध का नाही दिलं?

या वेळी बाळांच्या खोकल्याबद्दलच इतके प्रश्न आलेत की बाकीचे सगळे पुढच्या अंकासाठी बाजूला ठेवले. आजाराचं नाव ब्रॉन्किओलायटिस, बोलायला अवघड आहे, पण घरात दोन वर्षांच्या आतलं बाळ असेल तर कधी ना कधी ते कानावर येतंच. पत्रं थोडी लहान केलीत आणि नावं काढून टाकलीत.

प्रश्न : माझी मुलगी ५ महिन्यांची आहे. दोन-तीन दिवस सर्दी होती, मग खोकला आणि आता छातीतून शिट्टीसारखा बारीक आवाज येतोय. डॉक्टरांनी ब्रॉन्किओलायटिस सांगितलं आणि फक्त नाकात घालायचे सलाईनचे थेंब आणि तापाचं औषध लिहून दिलं. अँटिबायोटिक नाही, नेब्युलायझर नाही, एक्स-रे पण नाही. नणंदेच्या मुलाला असंच झालं होतं तेव्हा हे सगळं दिलं होतं. डॉक्टरांनी नीट बघितलं नाही का? दुसरीकडे दाखवू का?

ताई, तुम्ही लिहिलंय त्यावरून तरी तुमच्या डॉक्टरांनी बाळाला अगदी नीट बघितलंय असं मला वाटतं. या आजारात औषधांची यादी लांबवणं फार सोपं असतं, न लांबवता आईबापांना समजावून सांगणं त्याहून अवघड. त्यांचं समजावणं कदाचित कमी पडलं असेल, तेवढं मी इथे करते.

छातीत मोठ्या श्वासनळ्यांना फांद्या फुटत फुटत शेवटी केसासारख्या बारीक नळ्या होतात, त्यांच्या आतल्या अस्तराला विषाणूने सूज आणली की झाला ब्रॉन्किओलायटिस. बहुतेक वेळा हा विषाणू असतो आरएसव्ही, कधी साध्या सर्दीचा ऱ्हायनोव्हायरस किंवा आणखी कुठला. बहुतेक मोठ्या माणसांना त्याच विषाणूने काही दिवस नाक गळतं आणि विषय संपतो, पण पाच महिन्यांच्या बाळाच्या नळ्या मुळातच इतक्या बारीक की थोडी सूज आणि थोडा चिकट कफ आला तरी हवेला वाट राहत नाही. हिशोब असा की नळी निम्मी अरुंद झाली तर हवेला होणारा अडथळा दुप्पट नाही होत, जवळजवळ १६ पट होतो. म्हणून दोन वर्षांच्या आतच हा आजार, आणि सगळ्यात जास्त ३ ते ६ महिन्यांच्या बाळांना.

आता औषधं का नाहीत ते बघा. दम्याच्या माणसाला नेब्युलायझरमधून जे साल्ब्युटामॉल देतात ते नळीभोवतीचे आवळलेले स्नायू सैल करतं, पण इथे स्नायू आवळलेले नसतातच, इथे आत सूज आहे, कफ आहे, मेलेल्या पेशींचा गाळ आहे, तो स्नायू सैल करून कसा निघणार? वर बाळाच्या हृदयाचे ठोके वाढतात आणि हात थरथरतात ते वेगळंच. मग सूज आहे तर स्टेरॉइड द्या, असं कुणालाही वाटेल, आम्हा डॉक्टरांनाही वाटायचंच. २००७ साली अमेरिकेत ६०० बाळांवर ते नीट तपासून झालं, निम्म्यांना स्टेरॉइड आणि निम्म्यांना औषध नसलेलं नुसतंच गोड सिरप, आणि दोन्हीकडे शंभरातल्या साधारण चाळीस बाळांना ॲडमिट करावंच लागलं. काही फरक नाही. अँटिबायोटिक विषाणूवर चालत नाही हे तुम्हाला माहीत असेलच, बाळाला कान पिकलाय किंवा जिवाणूंचा न्यूमोनिया झालाय असं वेगळं काही निघालं तरच त्याची गरज, नाहीतर मिळतात फक्त जुलाब. आणि एक्स-रे न काढण्याचं कारण असं की या आजारात कफाने फुप्फुसाचा एखादा कोपरा मिटतो, तो फोटोत न्यूमोनियासारखा दिसतो, आणि त्या सावलीपायी बाळाला नको ती अँटिबायोटिक सुरू होते. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीने २०१४ मध्ये आणि ब्रिटनच्या नाइस या संस्थेने २०१५ मध्ये जवळजवळ हेच लिहून ठेवलंय, की साल्ब्युटामॉल नको, स्टेरॉइड नको, कारणाशिवाय अँटिबायोटिक नको.

मी शिकत होते तेव्हा असं प्रत्येक बाळ आलं की आम्ही नेब्युलायझरचा मास्क लावायचो, बाळ रडायचं, आई रडायची, आणि चौथ्या-पाचव्या दिवशी बाळ आपोआप बरं झालं की आम्हाला वाटायचं मास्कने झालं. नणंदेच्या मुलाचंही असंच झालं असण्याची शक्यता खूप आहे, तो बरा झाला कारण हा आजार बहुतेक बाळांमध्ये स्वतःहूनच बरा होतो.

मग करायचं काय, तर दोनच गोष्टी सांभाळायच्या, नाक मोकळं आणि दूध चालू. एवढी लहान बाळं श्वास मुख्यतः नाकानेच घेतात, त्यामुळे चोंदलेलं नाक म्हणजे त्यांच्यासाठी अर्धा दम कोंडलेला. दूध पाजायच्या आधी दहा मिनिटं दोन्ही नाकपुड्यांत सलाईनचे एक-दोन थेंब, मग सैल झालेलं पुसून घ्या किंवा सक्शन बल्बने हलकेच ओढून घ्या, फार आत जाऊ नका आणि दिवसभर तेच करत बसू नका, नाहीतर नाकच आतून सुजतं. दूध एका वेळी कमी आणि जास्त वेळा द्या, दर तीन तासांनी घेत असेल तर दीड-दोन तासांनी थोडं थोडं, अंगावर पीत असेल तर मध्ये सोडून दम खाऊ द्या, तिला तो लागतो. तापाचं औषध वजनावर ठरतं, ड्रॉप्स आणि सिरपची ताकद वेगळी असते, म्हणून डॉक्टरांनी जेवढे एमएल लिहिलेत तेवढेच.

आणि एक गोष्ट आत्ताच सांगते म्हणजे तुम्ही घाबरणार नाही. आजार उतरायच्या आधी चढतो. खोकला आणि धाप तिसऱ्या ते पाचव्या दिवशी सगळ्यात जास्त असते, तुमची मुलगी आता त्याच दिवसांत आहे, म्हणजे उद्या ती आजपेक्षा थोडी जास्त त्रासलेली दिसू शकते आणि तरी सगळं सुरळीत चाललेलं असू शकतं. ‘थोडी जास्त’ म्हणजे किती, ते पुढच्या उत्तरात आहे, ते मात्र नीट वाचा.

प्रश्न : आमचा मुलगा ४ महिन्यांचा, हाच आजार झालाय. दिवसा ठीक वाटतं पण रात्री खोकला वाढला की आम्ही दोघं त्याच्याकडे बघत बसतो आणि ठरवता येत नाही की आत्ता हॉस्पिटल गाठायचं की सकाळपर्यंत थांबायचं. काय बघायचं ते साध्या भाषेत सांगाल का?

सांगते, आणि जरा सविस्तरच सांगते कारण या आजारात आईबापांची नजर हीच सगळ्यात मोठी गोष्ट आहे.

आधी त्याचा शर्ट वर करा. अंगावर कपडे असताना श्वास कळत नाही. तो झोपलेला किंवा शांत असताना घड्याळ लावून पूर्ण एक मिनिट छाती-पोट किती वेळा वर येतं ते मोजा, पंधरा सेकंद मोजून चारने गुणू नका, बाळं एकसारखा श्वास घेत नाहीत. २ महिन्यांच्या आतल्या बाळाला ६० किंवा जास्त, २ महिने ते वर्षाच्या आतल्याला ५० किंवा जास्त, वर्षापुढच्याला ४० किंवा जास्त असेल तर श्वास जलद आहे, ही जागतिक आरोग्य संघटनेची रेघ आहे. तुमच्या मुलाचा ५० च्या वर गेला तर डॉक्टरांना फोन करा, ६० च्या वर राहिला तर त्याच वेळी दाखवा, ७० च्या वर असेल तर विचारत बसू नका, निघा. ताप असताना आकडा वाढतो, म्हणून ताप उतरल्यावर पुन्हा एकदा मोजा, पण खालच्यापैकी काहीही दिसत असेल तर ताप उतरायची वाट बघू नका.

आकड्यापेक्षा मी जास्त महत्त्व देते ते श्वासाला किती कष्ट पडतायत त्याला. बरगड्यांच्या खाली किंवा दोन बरगड्यांच्या मध्ये प्रत्येक श्वासाला खड्डा पडतोय का, गळ्याच्या खळीत कातडी आत ओढली जातेय का, नाकपुड्या फुलतायत का, श्वासाबरोबर मान हलतेय का, श्वास सोडताना कण्हल्यासारखा हुं हुं आवाज येतोय का. हलका खड्डा पडतोय पण बाळ हसतंय, दूध घेतंय, तर डॉक्टरांना दाखवायचं पण पळापळ नको. खोल खड्डे किंवा कण्हणं, म्हणजे लगेच हॉस्पिटल.

मग दूध. नेहमीच्या निम्म्यावर आलं, किंवा दोन-तीन वेळा ओळीने प्यायलाच नाही, तर दाखवा. १२ तासांत डायपर ओला नाही तर दाखवा, डायपर हातात घेऊन वजन बघा, नुसतं बघून कळत नाही.

आणि या गोष्टी दिसल्या तर एक मिनिट थांबायचं नाही, ॲम्ब्युलन्सच बोलवायची : ओठ किंवा जीभ निळसर-राखाडी दिसणं, त्वचा सावळी असेल तर जीभ आणि हिरड्या उघडून बघा तिथे रंग लवकर कळतो, श्वास मध्येच थांबणं, किंवा बाळ निपचित पडणं, हाक मारली हलवलं तरी नीट जागं न होणं. खूप लहान बाळांमध्ये, विशेषतः लवकर जन्मलेल्यांमध्ये, श्वास अधूनमधून थांबणं हे कधीकधी पहिलंच लक्षण असतं, खोकला नंतर येतो.

एक चूक मी पुष्कळ घरांत होताना बघितलीय. खूप वेळ धापा टाकणारं बाळ अचानक शांत होतं, श्वासांचा आकडा कमी होतो, आणि घरचे म्हणतात चला, उतार पडला. उतार पडलेलं बाळ दूध मागतं, तुमच्याकडे बघतं. जे बाळ शांत झालंय पण डोळे उघडत नाही, दूध घेत नाही, रंग उतरलाय, ते बरं झालेलं नाही, ते दमलंय, ते सगळ्यात जास्त धोक्यात आहे.

घरात मोठ्यांचा पल्स ऑक्सिमीटर असेल तर तो बाळाच्या बोटाला लावून त्यावर निर्णय घेऊ नका, तो एवढ्या छोट्या बोटाला बसत नाही आणि बाळ हललं की काहीही आकडा दाखवतो.

बाळ ३ महिन्यांच्या आतलं असेल, दिवस भरायच्या आधी जन्मलेलं असेल, हृदयाचा किंवा फुप्फुसाचा जुना आजार असेल, स्नायूंचा आजार असेल, डाऊन सिंड्रोम असेल किंवा प्रतिकारशक्ती कमी असेल तर वरच्या सगळ्या रेघा थोड्या अलीकडे ओढायच्या, म्हणजे थोडं काही वाटलं तरी दाखवायचं. आणि ३ महिन्यांच्या आत ताप ३८ सेल्सिअस म्हणजे १००.४ फॅरनहाइट किंवा जास्त असेल तर कारण काहीही असो, त्याच दिवशी डॉक्टर.

शेवटी, यातलं काहीच नसेल पण तुमचं मन सांगत असेल की हा आज वेगळाच दिसतोय, तर जा. रात्री दोनला जाऊन काही निघालं नाही तर कुठला चांगला डॉक्टर रागवत नाही.

प्रश्न : नातू ८ महिन्यांचा आहे, छातीत कफ भरलाय. वाफ देऊ का, छातीला बाम चोळू का, थोडा मध चाटवू का? सून कशालाच हो म्हणत नाही.

आजी, तुमची माया कळते मला, पण या तिन्हीला सुनेचं नाही बरोबर आहे. गरम पाण्याच्या वाफेने बारीक नळ्यांतली सूज उतरत नाही, आणि भांडं कलंडून भाजलेली मुलं मात्र प्रत्येक बालरोगतज्ज्ञाने बघितलेली असतात. कापूर-मेंथॉलचे बाम दोन वर्षांच्या आत वापरायचे नाहीत, ते बाळाच्या श्वासाला त्रास देतात आणि कापूर पोटात गेला तर झटकेही येऊ शकतात. मध एक वर्ष पूर्ण होईपर्यंत एक थेंबही नको, त्यात कधीकधी बोट्युलिझमच्या जिवाणूचे बीज असतं, मोठ्यांच्या पोटाला ते काही करत नाही पण बाळाच्या पोटात ते रुजतं आणि अंग लुळं पडतं. खोकल्याची सिरपही नकोत. पाठीवर जोरजोरात थापटून कफ सुटतो हेही तपासून झालंय, या आजारात त्याचा फायदा होत नाही, बाळ फक्त दमतं. उशी देऊन डोकं उंच करू नका, झोपताना पाठीवर, सपाट, कडक गादीवरच.

तुमच्या हातात जे आहे ते यापेक्षा मोठं आहे : त्याला खांद्याशी उभं धरून बसा, अशा वेळी बाळाला उभं धरलेलं बरं वाटतं, आणि तेवढ्या वेळात सुनेला झोपू द्या, ती तीन रात्री जागी असेल.

प्रश्न : माझं ९ आठवड्यांचं बाळ वॉर्डात आहे. नाकाला ऑक्सिजन लावलाय, नाकातून पोटात नळी घालून दूध देतायत. मशीनवर ९१-९२ दिसलं की माझ्या पोटात गोळा येतो, नर्स म्हणतात ठीक आहे. हे खरंच ठीक आहे का? आणि ॲडमिट करून पण काही औषध देत नाहीत.

तुम्ही आत्ता कशातून जाताय ते मी रोज बघते. हॉस्पिटलमध्येही उपचार तेच, फक्त बाळाला स्वतःला जे जमत नाहीये ते आपण त्याच्यासाठी करतोय, श्वासाला ऑक्सिजन आणि पोटात दूध. तोच इथला उपचार आहे. नळीने दूध दिलं की काय आणि शिरेतून सलाईन दिलं की काय, ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडमध्ये ७५९ बाळांवर बघितलं तेव्हा हॉस्पिटलमधले दिवस दोन्हीकडे सारखेच निघाले, नळी मात्र पहिल्या प्रयत्नात बसण्याची शक्यता जास्त, शीर शोधायला बाळाला पुन्हा पुन्हा टोचावं लागतं. तुमचं दूध काढून तेच नळीतून द्या, म्हणजे दूधही टिकून राहील.

आता त्या आकड्याबद्दल, म्हणजे रक्तातल्या ऑक्सिजनच्या टक्केवारीबद्दल. २०१५ साली ब्रिटनमधल्या ६१५ बाळांच्या अभ्यासाचे निष्कर्ष आले, त्यात निम्म्या बाळांची मशीन मुद्दाम अशी बदलली होती की खरा आकडा ९० असताना पडद्यावर ९४ दिसे, म्हणजे त्या बाळांना ९० पर्यंत ऑक्सिजनशिवाय राहू दिलं गेलं. खोकला दोन्ही गटांत साधारण १५ दिवसच टिकला, कमी आकडा चालवून घेतलेल्या बाळांना त्याने काही धोका वाढला नाही, उलट ती थोडी लवकर दूध प्यायला लागली आणि लवकर घरी जायला तयार झाली. म्हणून सहा आठवड्यांपुढच्या एरवी निरोगी बाळाला ९१-९२ चालतं, हृदयाचा वगैरे आजार असेल तर हिशोब वेगळा, ते तुमच्या डॉक्टरांना विचारा. पडद्याकडे पाठ करून बसता आलं तर बसा, बाळाकडे बघा.

साध्या ऑक्सिजनने भागलं नाही तर गरम आणि दमट केलेली हवा जोराने नाकातून देतात, हाय फ्लो म्हणतात त्याला. २०१८ च्या एका मोठ्या अभ्यासात, १४७२ बाळं होती, साध्या ऑक्सिजनवर शंभरातल्या २३ बाळांना उपचार वाढवावे लागले आणि हाय फ्लोवर १२ ना. तेव्हा कुणी ती मोठी नळी घेऊन आलं तर बाळ हाताबाहेर गेलं असं समजू नका. बाळ ऑक्सिजनशिवाय झोपेतही नीट राहिलं आणि पुरेसं दूध प्यायला लागलं की घरी.

प्रश्न : १८ दिवस झाले, खेळतो, खातो, पण खोकला जात नाही. हा दमा होणार का?

बहुतेक बाळांचा खोकला तीन आठवड्यांत जातो, थोड्यांचा त्याहून रेंगाळतो, खेळतोय-खातोय म्हणजे घाई नाही. मध्ये बरा होऊन पुन्हा ताप आला, वजन उतरलं, किंवा चार आठवड्यांपुढेही ओला खोकला राहिला तर दाखवा. पुढे काही मुलांना सर्दी झाली की छाती वाजते, घरात दमा किंवा ॲलर्जी असेल तर जास्त, पण ब्रॉन्किओलायटिस झालेल्या प्रत्येकाला दमा होत नाही. पुन्हा होऊ शकतो का, तर हो, आरएसव्हीची प्रतिकारशक्ती टिकाऊ नसते. आणि घरात कुणी सिगारेट ओढत असेल तर ती आत्ताच बंद करायला सांगा, गच्चीत जाऊन ओढली तरी धूर कपड्यांवर घेऊन तो माणूस बाळाला उचलतो.

प्रश्न : मला सातवा महिना चालू आहे. मोठी मुलगी ३ वर्षांची, शाळेतून सारखी सर्दी आणते. तिला लहानपणी याच आजाराने ॲडमिट करावं लागलं होतं. या बाळासाठी आधीच काही करता येतं का?

येतं, आणि हे लिहिताना मला खरंच आनंद होतोय कारण तुमची मोठी तान्ही होती तेव्हा बहुतेक बाळांसाठी असं काही उपलब्ध नव्हतं. आरएसव्हीचा विषाणू १९५६ साली सर्दी झालेल्या चिंपांझींमध्ये सापडला, पुढच्या दोन वर्षांत बाळांमध्ये. १९६० च्या दशकात लस करून बघितली तर उलटंच झालं, लस घेतलेल्या बाळांना आजार जास्त तीव्र झाला आणि दोन बाळं दगावली. त्यानंतर कित्येक दशकं लशीचं काम मागे पडलं. २०१३ मध्ये विषाणू पेशीला चिकटण्याआधी त्याच्यावरचं प्रथिन नेमकं कसं दिसतं ते कळलं, आणि तिथून वाट सापडली.

आता दोन मार्ग आहेत. एक, गरोदरपणात आईला लस, मग आईची अँटिबॉडी वारेतून बाळाला मिळते आणि जन्मानंतरचे पहिले काही महिने, म्हणजे सगळ्यात धोक्याचे, ती राखण करते. अमेरिकेत ती ३२ ते ३६ आठवड्यांत देतात, ब्रिटनमध्ये २८ आठवड्यांपासून. बाळापर्यंत अँटिबॉडी पोचायला निदान दोन आठवडे लागतात म्हणून शेवटपर्यंत थांबू नका. दुसरा, जन्मल्यावर बाळालाच निर्सेव्हिमॅबचं एक इंजेक्शन, ही लस नाही, तयार अँटिबॉडीच आहे, आणि एका डोसने निदान पाच महिने संरक्षण मिळतं. आधी पॅलिव्हिझुमॅब होतं पण ते दर महिन्याला टोचावं लागायचं आणि फक्त जास्त धोक्याच्या बाळांना मिळायचं. सहसा दोन्हीपैकी एक पुरतं. सगळीकडे दोन्ही मिळतातच असं नाही, म्हणून याच आठवड्यात तुमच्या डॉक्टरांना विचारा, सातवा महिना म्हणजे अगदी वेळेत आहात.

मोठीसाठी : शाळेतून आल्यावर सगळ्यात आधी साबणाने हात, कारण हा विषाणू खेळण्यांवर, दाराच्या कडीवर काही तास जिवंत राहतो आणि हातावरून नाका-डोळ्यांत जातो. बाळाला बघायला येणाऱ्या शिंकणाऱ्या पाहुण्यांना पुढच्या आठवड्यात या म्हणा, वाईट वाटलं तर वाटू दे. अंगावरचं दूध जितकं देता येईल तितकं द्या. पण मोठीला बाळापासून लांब ठेवू नका, ती नऊ महिने वाट बघत असते. सर्दी असेल तेव्हा पापी चेहऱ्याची आणि हातांची नाही घ्यायची, बाळ हात तोंडात घालतं, तळपायाची घ्यायची, एवढं तिला आत्तापासून शिकवून ठेवा.